विहिरीतला बिबट्या, बारा मोटारी आणि चार माणसं

टूलरूमवाला | शनिवार, रात्री ११:४०

दिवाळीच्या सुमारास इथं मोघम लिहिलं होतं की हल्ली रात्री बिबट्या बनवतोय. बऱ्याच जणांना ती थट्टा वाटली. एका लघुपटासाठी हलणारा खोटा बिबट्या करायचं ते काम आता संपलंय, चित्रीकरण झालंय, म्हणून सविस्तर लिहितो. लघुपटाचं नाव आणि त्यातली माणसं सांगायला अजून परवानगी नाही, तेवढं समजून घ्या.

मी नाशिकला अंबडच्या एमआयडीसीत टूलरूमला (कारखान्याला लागणारे साचे आणि साधनं घडवायचा विभाग) आहे, एकवीस वर्षं झाली. दिवसा डाय आणि फिक्स्चर, रात्री सिडकोतल्या घराच्या गच्चीवर पत्र्याच्या खोलीत हे उद्योग. आधी नाटकांसाठी दोन-चार हलत्या वस्तू केल्या होत्या. डोळे, पापण्या, कान असलेलं अख्खं जनावर पहिल्यांदाच.

प्रसंग असा: दिंडोरी तालुक्यातली एक आजी पहाटे लाइट आली म्हणून मोटार चालू करायला विहिरीवर जाते. खाली बघते तर कपारीला धरून बिबट्या. पुढचा सगळा वेळ ती आणि तो. बोलते फक्त ती. आपल्याकडं हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. ऊस, उसातली पिल्लं, बिनकठड्याच्या विहिरी, कुत्र्यामागं धावता धावता आत पडलेलं जनावर, काठावर जमलेलं गाव, दोरानं सोडलेली बाज.

बिबट्या विहिरीत असल्यामुळं मला अर्धंच जनावर करायचं होतं: डोकं, मान, छाती आणि पुढचे दोन पाय. हे माझं नशीब. चार पायांवर चालणारं जनावर माणूस आत घालून करायचं म्हटलं की मागचे पाय दगा देतात. आपला गुडघा जिथं वाकतो तिथं मांजराचा वाकत नाही, आणि प्रेक्षकाला ते सांगता आलं नाही तरी खटकतंच.

डोकं आधी शाडूत घडवलं. आर्टवाल्यांनी संदर्भासाठी फोटो पाठवले, त्यातले निम्मे जॅग्वारचे. कड्याच्या मधोमध आणखी ठिपका दिसला की समजायचं पाहुणा दक्षिण अमेरिकेचा आहे. आपल्या बिबट्याचं कडं आतून रिकामं असतं. दुसरं म्हणजे डोळ्यातली बाहुली. घरच्या मांजरासारखी उभी चीर सगळे काढतात. बिबट्याची बाहुली गोल असते.

शाडूवरून प्लास्टरचा साचा, साच्याच्या आत बसेल अशी फायबरची कवटी, आणि कवटी व साचा यांच्यामधल्या फटीत सिलिकॉन. नाक, ओठ, पापण्या सिलिकॉनच्या, ओठांपाशी जेमतेम २ मिलिमीटर. बाकी डोक्याला ताणणारी फर, तोंडाच्या दिशेनं न्हाव्याच्या मशीननं भादरत आणलेली. ठिपके एअरब्रशनं.

पहिली त्वचा वाया गेली. वर छान, आत चिकट लगदा. दोन दिवस मी सिलिकॉनवाल्याला शिव्या घातल्या आणि मग लक्षात आलं की हातात लेटेक्सचे हातमोजे होते. प्लॅटिनमनं घट्ट होणाऱ्या सिलिकॉनला गंधक चालत नाही, आणि लेटेक्समध्ये ते असतं. गंधकवाल्या प्लॅस्टिसिननंही हेच होतं. व्हिनाइलचे मोजे घेतले. दुसरी त्वचा डिसेंबरात ओतली, तर ती थंडीनं सेट होईना. निफाडकडचं गारठ्याचं वारं गच्चीवर थेट येतं. शेवटी १०० वॅटचे दोन बल्ब लावलेल्या जुन्या गोदरेज कपाटात साचा ठेवला. बायकोनं विचारलं, अंडी उबवताय का?

आत बारा सर्वो मोटारी, म्हणजे सांगितलेल्या कोनात फिरून थांबणाऱ्या छोट्या मोटारी. जबड्याला एक मोठी. प्रत्येक कानाला दोन, एक फिरवायला आणि एक पाडायला. दोन्ही डोळे एका दांड्याला जोडलेले, त्यांना दोन. वरच्या पापण्यांना मिळून एक, खालच्यांना एक. गुरगुरताना वरचा ओठ दोन्ही बाजूंनी उचलायला दोन आणि नाकाला सुरकुती पाडायला एक. ओठ आणि नाकाच्या मोटारी कवटीत मागं बसवून ओढ पुढं नेली सायकलच्या ब्रेक केबलनं. गॅसवेल्डिंगपेक्षा सायकलवाल्याकडं जास्त पैसे गेले.

पहिली चाचणी घरच्यांपुढं. सगळं चालू झालं. कान फिरतायत, डोळे फिरतायत, जबडा उघडमीट, छाती गाडीच्या वायपर मोटरवर वरखाली. मी खूश. धाकटी म्हणाली, "बाबा, हे मंडळाचं आहे ना?"

बरोबर होतं तिचं. भद्रकालीतल्या हलत्या देखाव्यात राक्षस जसा एका लयीत गदा वरखाली करतो, तसा माझा बिबट्या जगत होता. सगळं सारख्याच वेगानं आणि सतत. जिवंत जनावर बहुतेक वेळ काहीच करत नाही.

तिथून पुढं दीड महिना मी नवीन काही जोडलं नाही, काढतच गेलो. छातीची वायपर मोटर काढून हातानं दाबायची तरफ लावली. मानेच्या दोन मोटारी होत्या (म्हणजे मुळात चौदा होत्या), त्याही काढल्या. त्यामागं एक माणूस आहे. आमच्या शॉपमधल्या हेल्परचे मामा पेठ तालुक्यातले, बोहाड्यात (तिकडचा मुखवट्यांच्या सोंगांचा उत्सव) मुखवटा नाचवतात. भाच्याकडं आले असता त्यांना वर आणलं. त्यांनी पाच मिनिटं बघितलं आणि म्हणाले, "याच्या डोक्याला वजन न्हाई." मी म्हटलं, सव्वाचार किलो आहे मामा. ते म्हणाले, आहे, पण दिसत न्हाई. मग रिकाम्या हातांनी करून दाखवलं: मुखवटा मानेनं फिरवायचा नसतो, छातीनं फिरवायचा. छाती आधी जाते, डोकं तिच्यामागं ओढत येतं आणि थांबताना किंचित पुढं जाऊन परत येतं.

मोटर थांबते तेव्हा एकदम थांबते. वजन तसं थांबत नाही. मग मानेच्या जागी अॅल्युमिनियमचा दांडा आला आणि दांड्याचं दुसरं टोक एका माणसाच्या छातीला पट्ट्यानं बांधलं. हा आमचा मित्र, मल्लखांब केलेला. तो कपारीमागं पालथा पडून डोकं पेलायचा.

अशी चार माणसं: मान एकाकडं, डोळे-पापण्या एकीकडं, कान-जबडा-ओठ माझ्याकडं रिमोटवर, आणि श्वास व पंजे चौथ्याकडं. क्रम आम्ही ठरवून पाठ केला. आवाज झाला की आधी कान, मग डोळे, मग मान. माणसाचे डोळे आधी जातात, मांजराचे कान. एवढ्या एका अदलाबदलीनं जेवढा फरक पडला तेवढा चार मोटारींनी पडला नसता.

पाण्याचं प्रकरण मोठं आहे, ते प्रतिसादात लिहितो. आता झोपतो, सकाळची पहिली पाळी आहे.

----

गुळाचा_चहा | रविवार, सकाळी ७:१५

वाचनखूण साठवली. खर्च किती आला ते सांगाल का? आणि फोटो?

----

अनिवासी_सातपूरकर | रविवार, सकाळी ८:०२

भारी लिहिलंय. पण खरं विचारू का? २०२० नंतरच्या काळात हे का? संगणकावर बिबट्या करून मिळतो. इथं माझ्या ऑफिसात शेजारी बसणारा मुलगा घरी बसून ड्रॅगन बनवतो. लघुपटवाल्यांना कुणी सांगितलं नाही का?

----

खिडकीतली_गोदा | रविवार, सकाळी ९:३०

"अंडी उबवताय का" 😄 वहिनींना नमस्कार सांगा.

----

टूलरूमवाला | रविवार, दुपारी ३:२०

@गुळाचा_चहा: सामानाचे ८५ हजारांच्या आसपास. वाया गेलेली त्वचा धरून. मजुरी विचारू नका. फोटो परवानगी आली की.

@अनिवासी_सातपूरकर: प्रश्न रास्त आहे, आम्हीही दिग्दर्शकाला तोच विचारला होता. त्याचं उत्तर असं की आजीचं काम करणाऱ्या बाई सत्तरीच्या, आयुष्यभर नाटक केलेल्या. संगणकातला प्राणी नंतर येणार म्हणून त्याच्या जागी काठीवर लावलेल्या टेनिस बॉलकडं बघून त्यांना बोलायला लावायचं नव्हतं. आणि झालंही तसंच. पहिल्या टेकला कान त्यांच्या दिशेनं वळला आणि बाई वाक्य विसरल्या. विसरल्या ते सिनेमात आहे.

दुसरं, संगणक विरुद्ध मोटार हे भांडण बाहेरून वाटतं तेवढं खरं नाही. १९९३ च्या जुरासिक पार्कमुळं लोकांना वाटतं की तिथून सगळं संगणकावर गेलं. त्यात डायनोसॉर दिसतात मिळून साधारण पंधरा मिनिटं, आणि त्यातला मोठा भाग स्टॅन विन्स्टनच्या कारखान्यात घडवलेल्या जनावरांचा आहे. धावणारा, अख्खा दिसणारा प्राणी संगणकाचा. गाडीच्या काचेशी नाक लावणारा खरा, म्हणजे खोटा पण तिथं असलेला. १९९५ च्या बेबमधलं डुक्कर तर खरं जनावर, यांत्रिक जनावर आणि संगणक असं तिन्ही मिळून बोलतं, आणि त्याला व्हिज्युअल इफेक्ट्सचं ऑस्कर आहे. २०१९ पासून मँडलोरियन मालिकेतलं ते हिरवं पोर सगळ्यांच्या मोबाइलवर फिरतंय. त्याच्याही बहुतेक दृश्यांत रिमोट घेतलेली माणसं आहेत.

आमच्या लघुपटातही दोन ठिकाणी संगणक आहे. दांडा पुसलाय आणि एका शॉटला डोळ्यात चमक टाकलीय. त्यात मला कमीपणा वाटत नाही.

----

सर्वोदय | रविवार, दुपारी ४:१०

(नावावर जाऊ नका, सर्वो मोटारींचाच धंदा आहे.) कुठल्या मोटारी वापरल्या? बाजारात ३५० रुपयांना धातूचे गिअर म्हणून ज्या मिळतात त्या असतील तर एका दिवसात दात झडतात. आणि बारा मोटारींना पुरवठा कसा केला? इथं सगळे आपटतात.

----

टूलरूमवाला | रविवार, रात्री १०:०५

@सर्वोदय: आपटलो. कान आणि पापण्यांना त्याच ३५० वाल्या, जबड्याला आणि ओठांना महाग. पुरवठ्याचं सांगतो, इतरांनाही उपयोगी पडेल.

ही मोटर नुसती फिरताना फार वीज खात नाही. पण कशाला अडली, म्हणजे फर आडवी आली किंवा केबल अडकली, की एकटी अडीच अँपिअर ओढते. गुरगुरताना जबडा, दोन ओठ, नाक आणि दोन्ही कान एकाच क्षणी जोर लावतात. मोटारींना हुकूम देणारा आमचा कंट्रोलरही त्याच बॅटरीवर होता. व्होल्टेज कोसळायचं, कंट्रोलर बंद पडून परत सुरू व्हायचा आणि सुरू होताना सगळ्या मोटारींना मधल्या जागी यायला सांगायचा. म्हणजे बिबट्या गुरगुरायला लागला की एकदम दचकून सभ्य चेहरा करायचा. गच्चीवर हसून पुरेवाट झाली, पण असं सेटवर झालं असतं तर रडलो असतो.

उपाय: मोटारींची बॅटरी वेगळी, कंट्रोलरची वेगळी, ऋण तार मात्र दोघांची एकच. मोटारींच्या पट्टीवर मोठे कपॅसिटर (क्षणभराची वीज साठवून ठेवणारे). आणि बॅटरी डोक्यापासून लांब नाही ठेवायची, लांब तारेत व्होल्टेज पडतं. आमची बॅटरी कपारीतच, घट्ट झाकणाच्या डब्यात. तो डबा म्हणजे माझा जेवणाचा डबा.

----

सर्वोदय | रविवार, रात्री १०:३१

डब्याला मानलं. रिमोटवर वेग कमी केला होता का? कानाची काडी (जॉयस्टिक) हलवली की कान तडक टोकाला जातो, तेच यांत्रिक दिसतं.

----

टूलरूमवाला | रविवार, रात्री १०:४४

हो. मधल्या भागात काडी मऊ ठेवली, टोकाला तेज. पापण्यांचा वेग उतरताना जास्त, चढताना कमी. डोळ्यांचा मात्र अजिबात कमी केला नाही. डोळा सरकत नाही, उडी मारतो. हळू फिरवला की जनावर लगेच खेळण्यातली बाहुली दिसतं.

----

कायद्याचं_बोला | सोमवार, सकाळी ११:००

सातपूरकरांना एक उत्तर राहिलं. "खरा बिबट्या का नाही" असं कुणी विचारण्याआधीच सांगतो. बिबट्या वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ च्या परिशिष्ट १ मध्ये आहे. शिवाय १९९८ च्या केंद्राच्या अधिसूचनेनं अस्वल, माकड, वाघ, बिबट्या, सिंह यांना शिकवून खेळात दाखवायला बंदी आहे. २०११ मध्ये त्यात बैलही आला. साधा कुत्रा किंवा घोडा सिनेमात आणायचा तरी २००१ च्या नियमांप्रमाणे प्राणी कल्याण मंडळाची परवानगी काढावी लागते. त्यामुळं तुमच्यासारख्यांच्या हातांना काम वाढणारच आहे. केरळात त्रिशूरजवळच्या एका देवळात २०२३ मध्ये खऱ्या हत्तीऐवजी ८०० किलोचा यांत्रिक हत्ती उभा केला, तो कान-सोंड हलवतो. सिनेमा नाही, पण धंदा तोच.

----

रविवार_कारंजा | सोमवार, दुपारी १:१५

मंडळाच्या देखाव्यांवर घसरलात ते आवडलं नाही. आम्ही तीस वर्षं वायपर मोटर, कॅम (फिरताना वस्तू वरखाली करणारी वेडीवाकडी चकती) आणि सायकलची चेन यांवर अख्खा सीन उभा करतो. दहा दिवस, रोज सहा तास, न थांबता. तुमचा बिबट्या किती वेळ चालला?

----

टूलरूमवाला | सोमवार, दुपारी १:५०

सलग अकरा मिनिटं, काका. त्यानंतर कान गेला. तुमचं म्हणणं मान्य. मी कॅम कापायला शिकलो तो अशाच एका मंडळात, नववीत असताना. फक्त देखावा लांबून आणि गर्दीतून बघायचा असतो, हा सहा इंचांवरून.

----

पेठकर | सोमवार, रात्री ९:२०

मी बोहाड्याच्या गावचा आहे. दोन दुरुस्त्या. आमच्याकडं "मुखवटा नाचवणं" असं म्हणत नाहीत, सोंग घेणं म्हणतात, आणि ज्याच्या घराकडं जे सोंग आहे ते त्याच घरातून निघतं. मामांनी तुम्हाला करून दाखवलं हे मोठी गोष्ट समजा. दुसरं, ते संबळ-पिपाणीशिवाय करून दाखवलं म्हणजे अर्धंच दाखवलं. सोंगाचा माणूस मुखवट्यातून जेमतेम बघतो. भोवती टेंभ्यांचा उजेड आणि धूर. तो पाय टाकतो तो वाद्याच्या भरवशावर. वजन दिसतं ते त्या ठेक्यामुळं.

----

टूलरूमवाला | सोमवार, रात्री ९:५८

दुरुस्ती डोक्यावर. शब्द चुकलाच. आणि ठेक्याचं तुम्ही म्हणता ते आम्हाला वेगळ्या वाटेनं सापडलं. चौघं चार ठिकाणी, एकमेकांना दिसत नाही, समोर फक्त मॉनिटर. काही केल्या जनावर एक होईना. मग श्वासवाल्यानं तरफ दाबताना तोंडानं श्वासाचा आवाज काढायला सुरुवात केली, इअरफोनवर सगळ्यांच्या कानात. त्या आवाजावर आम्ही चौघं चालायला लागलो. मामांना हे सांगितलं तर ते म्हणाले, मग संबळ तुमच्याकडं होतीच की.

----

खिडकीतली_गोदा | मंगळवार, सकाळी १०:१०

पाण्याचं लिहिणार होतात.

----

टूलरूमवाला | मंगळवार, रात्री ११:१५

हो. जुरासिक पार्कचा टी-रेक्स सुमारे ४० फुटी, हायड्रॉलिकवर चालणारा. पावसाच्या प्रसंगात त्याच्या फोम लेटेक्सच्या कातडीनं स्पंजासारखं पाणी पिलं, वजन वाढलं आणि तो थरथरायला लागला. दोन टेकच्या मध्ये माणसं टॉवेल आणि ड्रायर घेऊन त्याला पुसत बसायची. त्याच्याही आधी, १९७५ च्या जॉजचे तीन यांत्रिक शार्क खाऱ्या पाण्यानं सारखे बंद पडले आणि मासा कमी, पाणी जास्त असा सिनेमा झाला. हे सगळं मला माहीत होतं. माहीत असूनही मी फरच्या मागचं कापड तसंच सोडलं.

गच्चीवर बादलीनं भिजवून बघितलं. सव्वाचार किलोचं डोकं सात किलोच्या वर गेलं. कान उचलेनात, मल्लखांबवाला मित्र दोन मिनिटांत म्हणाला, पाठ गेली. म्हणून अख्खी फर उसवली, मागच्या कापडाला पातळ सिलिकॉन फासलं, परत शिवली. चार रात्री. प्रत्येक सर्वोला फुगा चढवला, वाढदिवसाचा साधा, आणि तोंडाशी ग्रीस. जबडा आणि नाक यांच्यावर खरं पाणी टाकायचंच नाही असं ठरलं. तिथं केसांचं जेल आणि ग्लिसरीन मिसळलेलं पाणी फवारायचं, ते उन्हातही ओलं दिसतं आणि वाहत नाही. लाळेला मिथाइल सेल्युलोजचं चिकट पाणी. पंजे आणि छाती मात्र खरोखर पाण्यात.

विहीर बांधीव, मार्चमधली, म्हणजे पाणी खाली गेलेलं. आत पाइपांचा पाळणा बांधला होता. सुरक्षेला दोन माणसं दोरासकट सारखी उभी. त्यात आम्ही काटकसर केली नाही.

आणि गावात आधी सांगून ठेवलं होतं, ग्रामपंचायत, वन खातं, पोलीस पाटील, सगळ्यांना. हल्ली खोट्या बिबट्यांचे व्हिडिओ इतके फिरतात की कुणी वरून एक क्लिप काढली असती तर संध्याकाळपर्यंत शाळा सोडून दिली असती. तरी जाताना चूक झालीच. डोकं टेम्पोत चादरीखाली होतं, म्हसरूळच्या सिग्नलला चादर सरकली. शेजारच्या रिक्षातल्या बाईंनी ओरडायच्या ऐवजी फोन काढला. हल्लीचं हेच.

----

चित्रवेडा | बुधवार, दुपारी १२:४०

नाशिकमध्ये असं काम होणं यात नवल नाही. फाळके त्र्यंबकेश्वरचे, त्यांची हिंदुस्थान फिल्म कंपनी नाशिकचीच. १९१९ चा कालिया मर्दन आठवा, पाण्यातल्या नागाशी लढणारा कृष्ण, तो त्यांच्याच मुलीनं, मंदाकिनीनं केलाय. पांडवलेण्याशी स्मारक आहे, तिथं तुमचा बिबट्या ठेवायला हवा.

----

टूलरूमवाला | बुधवार, रात्री ८:००

फाळक्यांचं नाव घेऊन मला लाजवू नका. माझ्या लहानपणी आमच्यासाठी विषय एकच होता, झपाटलेला. तोही १९९३ चा, म्हणजे तिकडं टी-रेक्स आणि इकडं तात्या विंचू एकाच वर्षी. रामदास पाध्यांची ती बाहुली. मी रात्री पलंगाखाली बघायचो. एक बाहुली, ती चालवणारा माणूस आणि कॅमेरा कुठं ठेवायचा याची अक्कल, एवढ्यावर महाराष्ट्रातली अख्खी पिढी घाबरली. त्यात मोटारी किती होत्या हे कुणी विचारलं नाही.

----

विंगेतली | गुरुवार, सकाळी ६:५०

खातं आजच उघडलंय, केवळ या धाग्यासाठी. डोळे मी चालवत होते. टूलरूमवाल्या, "डोळे-पापण्या एकीकडं" एवढ्यावर माझी बोळवण केलीस, बरं आहे.

मी पंधरा वर्षं नाटकात. कालिदास नाट्यगृहाच्या विंगेत जास्त, रंगमंचावर कमी. रिमोट कधी हातात धरला नव्हता. पहिला आठवडा फक्त उलटसुलट. मॉनिटरमध्ये बिबट्या आपल्या समोर असतो, त्यामुळं त्याचा उजवा म्हणजे आपला डावा. आपण उजवीकडं बघायला जातो, तो भलतीकडंच बघतो. एका कार्यशाळेत ऐकलं होतं की स्टार वॉर्समधल्या योडा या बाहुलीच्या वेळी सेट जमिनीपासून उचलून बांधला होता, खाली माणसांना उभं राहता यावं म्हणून, आणि तेही मॉनिटरकडं बघूनच काम करायचे. तेव्हा ती मजा वाटली होती. विहिरीच्या कपारीत गुडघ्यात मान घालून बसल्यावर कळलं.

सगळ्यात कठीण होतं डोळे न हलवणं. अंगठा शिवशिवतो. वाटतं, काहीतरी करावं, नाहीतर हे मेलेलं दिसेल. मी काय केलं तर बाईंकडं बघायच्या तीन जागा ठरवल्या: डोळे, तोंड, आणि हातातला कंदील. बिबट्या फक्त या तीनच ठिकाणी बघणार, आणि जागा बदलायला काहीतरी कारण घडलंच पाहिजे. बाई हलल्या तर. कंदील हलला तर. नाहीतर नाही. एका टेकला बाई बोलता बोलता थांबल्या आणि मी कंदिलाकडून त्यांच्या डोळ्यांकडं आले, पापण्या अर्ध्या मिटल्या आणि उघडल्या. मांजर पाळलेल्यांना माहीत असेल, हे ते कधी करतं. बाईंनी नंतर मला शोधून काढलं आणि विचारलं, तेव्हा तूच होतीस ना? असं मला नाटकात कुणी कधी विचारलं नाही.

आणि कानाचं तू अर्धवट का सांगितलंस? "अकरा मिनिटं, मग कान गेला." पुढचं सांग की.

----

सर्वोदय | गुरुवार, सकाळी ९:१२

कान का गेला? फुगा फाटला?

----

टूलरूमवाला | गुरुवार, रात्री ९:३०

बोळवणीबद्दल माफी. आता ही सगळ्यांसमोर सांगायला लावतेय तर सांगतो.

फुगा फाटला. डावा कान, पाडणारी मोटर. पाणी आत गेलं, कान पडला तो पडलाच. टेक चालू होता. मी रिमोटवर काड्या ओढतोय, एक कान बाईंकडं वळतोय, दुसरा भिजलेल्या चिंधीसारखा लोंबतोय. मी ओरडणार, तेवढ्यात हिनं डोळे खाली घेतले, मित्रानं मान कपारीवर टेकवली, श्वासवाला हळू झाला. कुणी कुणाला काही सांगितलं नव्हतं. रात्रभर पाण्यात लटकून थकलेलं जनावर जसं दिसेल तसं ते दिसलं. दिग्दर्शकानं कट म्हटलं आणि म्हणाला, हाच.

मला ते ऐकूच आलं नाही. माझ्या डोक्यात कान. टेम्पो काढला, डोकं घेऊन रात्री नऊला सिडकोत. कवटीच्या मागं ती मोटर अशा ठिकाणी आहे की आधी ओठाच्या केबल सोडाव्या लागतात. पहाटे साडेतीनला नवीन मोटर बसली, फर शिवली, कान एकदम झकास. सकाळी सातला परत विहिरीवर. दिग्दर्शकाला मोठ्या अभिमानानं कान हलवून दाखवला. तो बघतच राहिला. म्हणाला, दादा, कालचा शॉट ठेवलाय. आज त्याच्या पुढचे शॉट आहेत. कान पडलेला पाहिजे.

----

खिडकीतली_गोदा | गुरुवार, रात्री ९:४१

अरे देवा. मग?

----

टूलरूमवाला | गुरुवार, रात्री ९:५०

मग काय, नवीन मोटरची पिन काढली. पण नुसती पिन काढून कान पडेना, नव्या गिअरला दम होता. शेवटी कानात आतून माशाच्या गळाचं शिसं शिवलं, २० ग्रॅम.

----

रविवार_कारंजा | शुक्रवार, सकाळी ८:०५

बाकी राहू द्या. भाद्रपदात डोकं मोकळं आहे का? यंदा आमचा देखावा वनदेवीचा आहे. दहा दिवस. कानाची जबाबदारी आमची.

----

टूलरूमवाला | शुक्रवार, दुपारी १:१०

काका, त्वचेला ओठापाशी चीर गेलीय, ती आधी सांधतो. पावसाळ्यात फरला बुरशी धरू नये म्हणून सध्या ते त्याच बल्बच्या कपाटात आहे. द्यायला हरकत नाही, पण वायपर मोटर लावायची नाही. चार माणसं द्या, मी आणि विंगेतली येऊन शिकवतो.

----

विंगेतली | शुक्रवार, दुपारी १:२२

मला न विचारता?

----

टूलरूमवाला | शुक्रवार, दुपारी १:२५

येशील ना?

----

विंगेतली | शुक्रवार, दुपारी १:४०

शिसं काढलंस का कानातलं?